माझ्या पाठीमागची भिंत

मित्रांनो, समोरून पाहिलंत तर मी तुम्हाला चांगल्या घरचं कपाट वाटेन. सागाची दारं, पितळी कड्या, उजव्या दारावर उभा आरसा. वय झालं असलं तरी दारं अजून कुरकुरत नाहीत. पण आज मी तुम्हाला माझी पाठ दाखवणार आहे. ती पाहिल्याशिवाय माझी गोष्ट तुम्हाला कळायची नाही.

नवी मुंबईतल्या पावणे गावच्या एका छोट्या कारखान्यात मी घडलो. ऐरोली गावातल्या यशोदाबाई आणि त्यांचे यजमान कमळाकर यांनी मला पसंत केलं ते मुलाच्या, हरेशच्या लग्नासाठी. नव्या सुनेने, सोनलने, माझ्यात साड्यांच्या घड्या रचल्या, लग्नाचा शालू मलमलीत गुंडाळून वरच्या कप्प्यात ठेवला. पाहुणे आले की माझ्या दारावरून हात फिरवून म्हणत, "लाकूड भारी हाय." त्या दिवसांत मी खूप मिरवलो.

पुढे कमळाकर गेले. जुनं घर पाडून हरेशने तिथे चार मजली इमारत उठवली. वरच्या मजल्यावर घरची मंडळी राहू लागली, बाकी घरं भाड्याने दिली. नव्या घरात भिंतभर कपाटं आली आणि मी खालच्या मजल्यावर, मागच्या खोलीत आलो. जुन्या वस्तूंना खाली जावं लागतं, त्याचं मला वाईट वाटलं नाही. वाईट वाटलं ते मला तिथे कशासाठी आणलं हे कळल्यावर.

त्या खोलीची खिडकी उघडली की हातभर अंतरावर शेजारच्या इमारतीची भिंत. ऊन कधी नाहीच. वरच्या घरांच्या बाथरूमचा पाइप आतल्या भिंतीतून खाली उतरत होता आणि कुठेतरी फुटला होता. भिंतीवर काळे ठिपके उठले होते, ठिपक्यांचे डाग झाले होते, डागांवर मऊ लव आली होती. ती बुरशी होती.

सोनल म्हणाली, "आधी पाइप दाखवून घ्या ना."

"भिंत फोडायची म्हणजे सगळ्यांचं पाणी बंद," हरेश म्हणाला. "कशाला डोक्याला टेन्शन? रंग मारू आणि पुढे कपाट लावून टाकू."

मला कपडे सांभाळायला घडवलं होतं. त्या दिवशी मला सडकी भिंत झाकायला उभं केलं.

मग भाडेकरू आले. साताऱ्याकडचे बाबासो, वाशीच्या मार्केटात माथाडीचं काम करणारे. त्यांची बायको मुक्ताबाई आणि तिसरीतली मुलगी तेजश्री. हरेश म्हणाला, "कपाट आमच्याकडून. बिनधास्त वापरा." मुक्ताबाईने मला ओल्या फडक्याने पुसलं, हळदीकुंकू लावलं आणि नवऱ्याला म्हणाली, "मालक चांगलं हायती." मित्रांनो, हे वाक्य आठवलं की आजही माझ्या फळ्या तापतात.

वरचा रंग पावसाळाभरही टिकला नाही. बुरशी रंगातून बाहेर आली आणि माझ्या पाठीच्या प्लायवर चढली. समोर मात्र मी लख्ख. आत ठेवलेल्या कपड्यांना कुबट वास येऊ लागला. शाळेत एका मुलीने तेजश्रीला सांगितलं, "तुझ्या ड्रेसला वास मारतो," आणि ती दुसऱ्या बाकावर जाऊन बसली.

मग खोकला सुरू झाला. आधी सकाळी उठल्यावर, नंतर दिवसभर. सतत शिंका, डोळे लाल, छातीत मांजर बसल्यासारखी घरघर. प्रत्येकाने वेगळ्याच गोष्टीला दोष दिला. बर्फाचा गोळा खाल्ला असेल, शाळेचं पाणी बाधलं असेल, पोर जात्याच नाजूक. कुणाच्या सांगण्यावरून मुक्ताबाईने खोलीत धूप जाळला. धुराने पोरीची धाप आणखी वाढली. औषधाच्या बाटल्या आल्या आणि संपल्या. मी सगळं बघत होतो आणि माझ्या दारांना तोंड नव्हतं.

मे महिन्यात ते गावी गेले. परत आले तेव्हा मुक्ताबाई म्हणाली, "गावाला पोर एकदा बी खोकली न्हाई."

"हवाबदल झाला की बरं वाटतंच," बाबासो म्हणाले.

आठवडाभरात तेजश्री पुन्हा खोकू लागली. मुक्ताबाई त्या दिवसापासून खोलीकडे संशयाने बघायला लागली, पण समोर तर मीच उभा होतो, पुसलेला आणि चकचकीत.

एका दुपारी तेजश्री शाळेतून आली, कपडे बदलायला माझ्यापुढे उभी राहिली आणि तशीच खाली बसली. प्रत्येक श्वासाला तिचे खांदे वर जात होते, गळ्याखालची खळगी आत ओढली जात होती. ओठ निळसर झाले होते. तिला बोलता येईना. मुक्ताबाईने पोर कडेवर घेतली आणि चपला न घालता धावत सुटली.

त्यानंतर काय झालं ते तिने संध्याकाळी बाबासोंना सांगितलं, म्हणून मला कळलं. दवाखान्यात डॉक्टर सुनीती यांनी तेजश्रीच्या तोंडाला वाफेचा मास्क लावला, धाप जरा खाली बसेपर्यंत त्या तिथून हलल्या नाहीत. मग त्यांनी विचारलं, "घरात ओल आहे?"

"दिसत तर न्हाई."

"वास येतो?"

मुक्ताबाईने पोरीच्या ड्रेसची बाही नाकाशी नेली आणि मान हलवली.

"हा दमा आहे, आणि बुरशीने तो भडकतोय," डॉक्टर म्हणाल्या. "बुरशीचे कण डोळ्यांना दिसत नाहीत, श्वासातून आत जातात. भिंतीला टेकलेलं सामान ओढून बघा. नाकाला रुमाल बांधा, आणि मुलीला तेव्हा घरात ठेवू नका."

तेजश्रीला शेजारी ठेवून दोघांनी मला ओढलं. मागे जमिनीपासून माझ्या माथ्यापर्यंत काळी भिंत होती. माझ्या पाठीचा प्लाय फुगून पापुद्रे सुटले होते, त्यावर करडी-हिरवी साय धरली होती. पोरीचं अंथरूण माझ्या पायाशीच असायचं.

हरेशला बोलावलं. तो दारातूनच म्हणाला, "पावसात ओल येतेच, ताई. तुम्ही खोलीत कपडे वाळत घालता, खिडकी उघडत नाही. मग काय होणार?"

"खिडकी उघडली तर म्होरं तुमच्या शेजाऱ्याची भित्त हाय," मुक्ताबाई म्हणाली. "पोरीला श्वास घेता येत न्हाई, अन् तुमी मला खिडकी शिकवता?"

"जमत नसेल तर दुसरी रूम बघा."

मुक्ताबाईने पदर खोचला. नवऱ्याला म्हणाली, "धरा खालनं."

दोघांनी मला उचलून इमारतीच्या फाटकापाशी आणलं आणि उभं केलं, आरसा आत आणि पाठ रस्त्याकडे. येणारे-जाणारे थांबू लागले. मुक्ताबाई प्रत्येकाला एवढंच सांगत होती, "हे माझ्या पोरीच्या उशाला व्हतं."

पहिल्या मजल्यावरचे जयप्रकाश ऑफिसातून येत होते. त्यांनी माझी पाठ पाहिली, तडक वर गेले, आणि आपला पलंग त्याच भिंतीपासून सरकवून खाली आले. "आमच्याकडेही आहे," ते म्हणाले. "बायको वर्षभर शिंकतेय, आम्ही परफ्यूम बदलत बसलो."

गलका ऐकून यशोदाबाई जिना उतरल्या. माझ्याजवळ येऊन उभ्या राहिल्या. हात लावायला गेल्या आणि मागे घेतला.

"आई, वर चल. लोक बघतात," हरेश म्हणाला.

"बगू दे. तुला ठाव व्हता का नाय, तवरा सांग."

हरेश मोबाइलकडे बघत राहिला. तेव्हा जिन्यातून सोनल म्हणाली, "ठाऊक होतं. मी सांगितलं होतं."

यशोदाबाईंनी त्याच संध्याकाळी तेजश्रीच्या घरच्यांना वरची उन्हाची खोली दिली. दुसऱ्या दिवशी पाणी बंद झालं. भिंत फुटली, पाइप बदलला, प्लास्टर खरवडून भिंत सुकत ठेवली. जे काम इतके दिवस टाळलं होतं, ते काम आठवड्यात झालं.

तेजश्री आता शाळेत जाते, धावते. पण दप्तरात दम्याचा पंप असतो, आणि धूळ उडाली की ती अजून थांबून छातीवर हात ठेवते. डॉक्टर म्हणतात, दमा ताब्यात राहील. हरेशने तिच्या आईबापांची माफी मागितली नाही. उलट माझी पाठ बदलून मला परत खोलीत लावू म्हणाला.

"ते घरात येनार न्हाई," मुक्ताबाई म्हणाली.

तिने बरोबर केलं. बुरशी माझ्या सांध्यांत शिरली आहे. मी अंगणात पत्र्याखाली उभा आहे, भंगारवाला कधीही येईल.

जाण्याआधी एवढं ऐका. तुमच्या घरात भिंतीला चिकटून काही उभं असेल, तर मोठ्यांना सांगून ते पुढे ओढून घ्या. मागे काळं दिसलं तर रंगाचा डबा आणू नका, पाणी कुठून येतं ते आधी शोधा. आणि कुणी म्हणालं, "एवढंसं तर आहे, पुढे काहीतरी लावून टाकू," तर त्याच्या डोळ्यांत बघून विचारा, "मग आज रात्री इथे तुम्ही झोपता का?"