विलंबाचं सबळ कारण

"आज कुठलीही सुधारणा दाखवू नका आप्पा, एवढं सांभाळा," कचेरीच्या व्हरांड्यात वकील म्हणाले. "घरी असता तसेच राहा."

आप्पांनी त्यांना नमस्कार केला. "आपण कोणत्या वॉर्डातले? पाणी येतंय ना वेळेवर?"

"वा! अगदी असंच!" वकील खूश झाले.

आप्पा जन्मभर नगरपालिकेत व्हॉल्व्हमन होते. एका भागाचं पाणी सोडायचं, दुसऱ्याचं बंद करायचं. त्यामुळे अर्धं गाव त्यांना मान द्यायचं, अर्धं शिव्या द्यायचं, आणि दुसऱ्या दिवशी दोन्ही अर्धी आपसात कामं बदलून घ्यायची. निवृत्त झाल्यावर सरकारने भूमिहीन म्हणून त्यांना माळावर जमीन दिली. अट एकच, कसायची. पाटाचं पाणी सरकार देणार होतं. पाट आला नाही. गावाला पाणी पाजणाऱ्या माणसाची जमीन पाण्यावाचून पडीक राहिली, आणि पडीक ठेवली म्हणून सरकारने ती काढून दुसऱ्याला दिली.

तो आदेश घरी आला तेव्हा लेक शिवणाच्या कारखान्यात होती. आप्पांनी सही करून तो घेतला आणि कुठे ठेवला, ते त्या आदेशालाच ठाऊक. लेकीला कळलं ते माळावर दुसऱ्याचं कुंपण पडल्यावर, दोन वर्षांनी. अपिलाची मुदत होती साठ दिवस.

"मुद्दा शंभर नंबरी आहे," वकिलांनी पहिल्याच भेटीत सांगितलं होतं. "पाट नाही तर पीक कुठून काढणार? जमीन परत मिळते बघा. फक्त आधी उशीर माफ व्हायला हवा. त्याला सबळ कारण लागतं."

"कारण कुठून आणू?"

"तुमच्या घरातच आहे की! वडिलांना काही कळत नाही, तेव्हाही कळत नव्हतं. डॉक्टरांचा दाखला जोडू."

तर ते कारण आता इस्त्रीचा सदरा घालून तिच्या शेजारी बाकावर बसलं होतं. गेलं वर्षभर आप्पा तिला शेजारीण समजत होते. चांगली शेजारीण. त्यांची तक्रार नव्हती. इकडे घरमालकाने खोली रिकामी करायला सांगितली होती, आणि माळावर चार पत्रे टाकून राहायचं एवढा एकच बेत तिच्याकडे होता.

पुकारा झाला. आत अपील ऐकणारे साहेब फाईल चाळत होते. वकिलांनी दाखला पुढे केला, स्मृती, वय, आजार असं बरंच काही बोलले. साहेबांनी सगळं ऐकलं आणि सरळ आप्पांकडे वळले.

"आजोबा, हा आदेश तुम्हाला मिळाला होता का?"

आप्पा उठून उभे राहिले. आयुष्यभर साहेब दिसला की पाठीचा कणा सरळ व्हायचा. आज कण्याबरोबर बाकीचंही सरळ झालं.

"मिळाला साहेब. भर दुपारी शिपाई आला होता. घामाघूम झालेला, त्याला आधी तांब्याभर पाणी दिलं. मग वाचून सही केली."

"समजलं होतं काय लिहिलंय?"

"हो. जमीन गेली."

वकिलांनी डोळे मिटले.

"मग घरी का नाही सांगितलं?"

"लाज वाटली साहेब. पोरीसाठी एवढी एकच गोष्ट केली होती, तीही टिकवता आली नाही." त्यांनी मागे वळून बोट दाखवलं. "ही माझी धाकटी. छकुली. हिला यातलं काही माहीत नव्हतं. हिला बोलू नका."

छकुली एक्केचाळीस वर्षांची होती. तिला या नावाने हाक मारणारं आता दुसरं कोणी उरलं नव्हतं.

"ताई, बोला," वकील कुजबुजले. "अहो, कालचं सांगा! स्वतःच्याच घराचं दार वाजवत उभे होते ते सांगा!"

साहेबांनी पेन खाली ठेवलं. माणूस वाईट नव्हता. "बाई, तुमच्या अर्जात लिहिलंय, यांना काही समजत नाही. तुमचं तेच म्हणणं आहे?"

आप्पा तिच्याकडे बघत होते. ओळखून बघत होते.

"नाही साहेब," ती म्हणाली. "समजतं त्यांना."

निकाल तिथल्या तिथे सांगण्यात आला. विलंबाला सबळ कारण नाही, सबब मूळ मुद्द्यात जाण्याची गरज नाही. पाटाचा शब्दही निघाला नाही. वकील व्हरांड्यात थोडा वेळ भिंतीशी बोलले आणि दुसऱ्या केससाठी निघून गेले.

"साहेबाने ऐकून घेतलं ना गं सगळं?" रस्त्यावर येताच आप्पांनी विचारलं.

"हो आप्पा."

"मग झालं तर. चल छकुले, उशीर नको."

आणि ते चालायला लागले, ताठ मानेने, झपझप, बसस्टॉपच्या बरोबर उलट दिशेने. तिने तोंड उघडलं. टोकलं तर मागे वळतील, आणि वळून बघतील तेव्हा कोण असेल, सांगता येत नव्हतं. तिने तोंड मिटलं आणि दोन पावलं मागून चालत राहिली. घराकडे जाणारी बस समोरून आली, दोघांना ओलांडून गेली. कुणीच हात केला नाही.