भिंतीतला ढेरपोट्या

सासऱ्यांनी उभ्या आयुष्यात शेकडो दगडी भिंती रचल्या, पण एकही दगड उचलला नाही. ते वास्तुविशारदाच्या ऑफिसात नकाशे काढत. निवृत्तीनंतरही आठवड्यातून एकदा साहेब त्यांना बोलावून घेत. नकाशातली दगडी भिंत हातानं काढावी तर त्यांनीच. त्या दिवशी ते दाढी करून निघत आणि घर मोकळा श्वास घेई, कारण एरवी ते स्वयंपाकघरातल्या डब्यांना शिस्त लावत बसत.

सूनबाईही त्याच ऑफिसात, पण संगणकावर. साहेबांनी तिला सांगितलं, "सासऱ्यांच्या भिंतीचा एक तुकडा घे आणि त्याचा हॅच बनव." हॅच म्हणजे नक्षीचा चौकोनी ठसा. एकदा बनवला की संगणक तोच शेजारीशेजारी उमटवत हवी तेवढी भिंत क्षणात भरून टाकतो. मग सासऱ्यांना बोलवायचं कारणच उरत नाही. हे तिला लगेच कळलं. घरी जेवताना सांगितलं तेव्हा त्यांनाही कळलं.

"चांगलं आहे," ते म्हणाले आणि डब्यांकडे बघू लागले.

तिनं फाइल उघडली. हॅचला गोलाई चालत नाही, म्हणून प्रत्येक वळण बारीक सरळ रेघांत तोडलं, डावी कड उजवीशी जुळवली आणि भिंत भरली. त्याबरोबर एकच दगड डोळ्यांत खुपू लागला: ढेरपोट्या, हनुवटी पुढे काढलेला. कागदावर एकटा होता तोवर गोड होता; आता त्याची पलटण उभी राहिली.

"हा कुणासारखा तरी दिसतोय," साहेब हनुवटी खाजवत म्हणाले. ऑफिसात कुणालाच ओळखू आला नाही.

घरी तिनं विचारलं, "बाबा, तो दगड मुद्दाम काढलात ना?"

"मुद्दाम कशाला? भिंतीत असा एखादा असतोच. आपल्या घरात तुझा नवरा नाही का?"

"पण तो एकच आहे. इथं याची पलटण झालीय."

"पलटण कुणाचीही होईल. याला हाकललंस तर दुसरा दिसेल."

झालंही तसंच. ढेरपोट्या गेला तर शेजारचा तिरपा नजरेत आला. तिरपा सरळ केला तर चपटा. एकेकाला वळण लावता लावता सगळे दगड गुणी बाळांसारखे दिसू लागले आणि भिंत फरश्या लावलेल्या न्हाणीघरासारखी.

हॅच मात्र निर्दोष. साहेब खूश झाले.

"मागच्या भिंतींना चालेल," ती म्हणाली. "दर्शनी भिंत बाबांकडूनच काढून घ्या."

"ही वशिलेबाजी झाली."

"झाली. पण बघा तरी या भिंतीकडे."

साहेबांनी पडद्यावरची भिंत मोठी करून पाहिली. "बरं. दर्शनी तेवढी. महिन्यातून एकदा."

गड जिंकल्यासारखं तिनं हे घरी सांगितलं. सासरे चष्मा पुसत ऐकत होते.

"मागच्या भिंतीला तसंही कोण बघतं, बाबा?"

"म्हणून तर ती काढायला मला आवडायचं," ते म्हणाले. "तिथं मी मनाला येतील तसे दगड बसवायचो."