समुद्रातला पहाड

मुलाखत व्हायच्या आधीच निवडलेल्या उमेदवाराचा सत्कार! शाल, नारळ, झेंडूचा हार, सगळं यथासांग. असली अक्कल दुसरीकडे कुठं चालत असेल की नाही कोण जाणे, पण समुद्रपूर तालुक्यातल्या त्या ज्युनिअर कॉलेजात चालली, आणि अपेक्षाला पहिल्या बाकावर बसून टाळ्या वाजवाव्या लागल्या.

झालं असं, की कॉलेजात भूगोलाच्या शिक्षकाची जागा भरायची होती. संस्थेचे अध्यक्ष बापूराव. या माणसाला सत्काराचं भारी वेड. बोअरला पाणी लागलं तरी हे बोअरवाल्याच्या अंगावर शाल घालणार. मुलाखतीच्या दिवशीही त्यांनी पाहुणे बोलावून ठेवले होते, आणि नेमकं पाहुण्यांना हिंगणघाटला लग्नाला जायची घाई. मग बापूरावांनी हुकूम सोडला, "शेवटचा सत्कार पयले उरकून घ्या. मुलाखतीचं काय, त्या होत राह्यतीन." झालं! त्यांची सून सुरभी अकरावीच्या वर्गासमोर उभी राहिली आणि 'आपल्या नवीन मॅडम' म्हणून तिच्या गळ्यात हार पडला. तिनं मान खाली घातली होती, हे खरं. पण हार काही काढला नाही.

टाळ्या वाजवताना अपेक्षाच्या तळपायाची आग मस्तकात गेली. याच कॉलेजात ती चार वर्षं तासिकांवर भूगोल शिकवत होती. घर आंजीला, इथं एक खोली करून राहायची. पोरांना नकाशे काढायला शिकवले हिनं, बोर्डाच्या परीक्षेला बसवलं हिनं, आणि जागा निघाली तर सुनेला! तिला बोलावलं होतं ते फक्त कागदावर तीन उमेदवार दिसायला हवे म्हणून. ऑफिसातल्या बाबूनं फोनवर तसं सांगूनच टाकलं होतं, "मॅडम, येजा बरं. तुमच्याबिगर तीन होत नाई." तिसरा रत्नदीप, तो बिचारा सत्कार संपताच हजेरीवर सही करून, शिकवायचं नाटक उरकून मोकळा झाला.

मग ही आली तरी कशाला? आली वैरागडे सरांसाठी. वर्ध्याच्या कॉलेजात तिला भूगोल शिकवणारे वैरागडे सर आज विषयतज्ज्ञ म्हणून आले होते. आदल्या दिवशी त्यांचाच फोन आला होता, "तू ये पोरी. शिकवून दाखव. बाकीचं मी पाहतो." या एका वाक्यावर ती आली होती. सत्कारात सरांनाही शाल मिळाली होती. उन्हाचा तडाखा असूनही ती त्यांनी खांद्यावरून काढली नव्हती.

विषय सरांनीच दिला, जगातल्या मोठ्या पर्वतरांगा. अपेक्षा उठली, खडू घेतला आणि राग गिळून शिकवायला लागली. काय शिकवलं हो तिनं! फळ्यावर दोन्ही अमेरिकांच्या पश्चिम कडेनं रॉकी आणि अँडीज उतरवले, आल्प्सपासून हिमालयापर्यंतचा पट्टा ओढला. डोंगर असे एकटेदुकटे न उगवता हजारो किलोमीटर ओळीनं का उभे राहतात, जमिनीचे भूपट्ट एकमेकांना कसे रेटतात, आणि आपला सातपुडा त्यांच्याहून वेगळा का, तेही सांगितलं. पोरं कान देऊन ऐकत होती. पाहुणे कधीच निघून गेले होते. बापूराव तर्रीपोहे खात होते.

पोहे संपल्यावर त्यांना वाटलं, आपणही काही विचारावं. "बरं मॅडम, जगातला सगळ्यात लांब पहाड कोनता, थे सांगा."

"समुद्रातला," अपेक्षा म्हणाली. "महासागरांच्या तळाशी एक रांग आहे. अटलांटिकच्या मधून निघते, आफ्रिकेखालून हिंदी महासागरात येते, तिथून पॅसिफिकमधे जाते. क्रिकेटच्या बॉलची शिवण असते न, तशी पृथ्वीभोवती फिरते. जमिनीवरचा सगळ्यात लांब अँडीज, पण तो तिच्यापुढे काहीच नाही."

बापूराव असे हसले की पोटावरची प्लेट हलली. "पान्यात पहाड! का बाप्पा, मासोळ्या चढतेत काय त्याच्यावर? अवो, हिमालय म्हना हिमालय! लहान पोट्टंबी सांगते." वर्गातली काही पोरंही हसली. "का सर? तुमी तज्ज्ञ. बरोबर न?"

अपेक्षानं वैरागडे सरांकडे पाहिलं. तिच्या मनात काडीचीही शंका नव्हती. हा समुद्रातला पहाड तिला शिकवला कोणी? यांनीच! त्या दिवशी सर एवढे रंगात आले होते की पुढचा तास दुसऱ्या सरांचा आहे हेही विसरले होते. आता ते शालीचं टोक बोटाला गुंडाळत म्हणाले, "तसं... परंपरेनं पाहिलं तर हिमालयच म्हणता येईल. अध्यक्षसाहेबांचं चूक नाही."

मेल्या, परंपरेनं पाहिलं तर! पहाडाची लांबी काय परंपरेनं मोजतात? अपेक्षाच्या हातातला खडू मोडला. जागा जाणार हे तिनं हार पडताना पाहिलंच होतं, ते दुःख होतंच. पण हे काय होतं? एवढ्यात मागच्या बाकावरून काजल उभी राहिली. वर्गातली सगळ्यात चौकस पोरगी, हिनंच मागच्या महिन्यात तो समुद्रातला पहाड निळ्या पेनानं वहीत काढला होता. "मॅडम," ती रडवेल्या आवाजात म्हणाली, "मंग तुमी आमाले खोटं शिकवलं काय?"

सरांनी खिडकीबाहेर पाहिलं.

"नाही काजल, खोटं नाही शिकवलं," अपेक्षा कशीबशी म्हणाली. पण सर नाही म्हणाले होते, आणि पोरांच्या डोळ्यांत ते दिसत होतं. चार वर्षांचं शिकवणं एका मिनिटात मातीत गेलं.

बाबूनं हजेरीचा कागद पुढं केला. "मॅडम, इथं सही करा. झालं."

अपेक्षानं पेन घेतला आणि हात थांबवला. "मी सही नाही केली त?"

"असं कसं? तीन झाले नाई त मुलाखतच रद्द होईन न!"

"मंग थांबा जरा." ती वैरागडे सरांकडे वळली. आवाज चढला होता, आणि तो खाली आणायची तिची इच्छाही नव्हती. "सर, जागा सुनेले द्या. मले नाई पाहिजे. पण या पोरायसमोर खरं सांगा. जगातला सगळ्यात लांब पहाड कोणता? सांगा, मी आत्ता सही करते."

"अगं, हा काय विषय आहे का इथं..." सर चाचरले.

"भूगोलाच्या मुलाखतीत भूगोल विषय नाई त काय आहे? तुम्हीच शिकवला न मले? हिमालयाच्या कितीतरी पट लांब म्हणून सांगतलं होतं न? मंग आता काऊन तोंड शिवून बसले?"

बापूराव भडकले. "ए बाई, लय झालं! सही कर, नाईत उद्यापासून तुह्या तासिका बंद!" सुरभी कासावीस होऊन सासऱ्यांकडे पाहू लागली. जायला निघालेला रत्नदीप दारातच थबकला. वैरागडे सरांनी मात्र कपाळावरचा घाम शालीनं पुसला.

शेवटी बापूरावांनाच कंटाळा आला. पहाड कुठं का असेना, त्यांच्या बापाचं काय जात होतं? त्यांनी हात झटकला. "सांगून टाका न सर! मी कुठं नाई म्हनतो? समुद्रात असन त समुद्रात!"

सरांचा चेहरा एकदम मोकळा झाला. त्यांनी बापूरावांकडे पाहून मान डोलावली, वर्गाकडे वळले आणि खणखणीत आवाजात म्हणाले, "मुलांनो, तुमच्या मॅडम बरोबर आहेत. सगळ्यात लांब पर्वतरांग समुद्राच्या तळाशीच आहे." किती सुंदर सांगितलं! शब्द न शब्द बरोबर. काजल खाली बसली.

"झालं न समाधान?" बापूराव म्हणाले. "कर आता सही."

अपेक्षानं पेनाला टोपण लावलं आणि तो कोऱ्या जागेवर ठेवून दिला.

"सर, मी तुमाले विचारलं होतं," ती म्हणाली. "त्यायले नाई."

आणि सही न करताच ती वर्गाबाहेर पडली.