हद्दीवरचा म्हसोबा

ठकुबाईनं त्या दगडाला शेंदूर फासला तो काही जमिनीच्या लोभानं नव्हे. पंचवीस वर्षांमागं तिचा कुंडलिक वर्षाचा होता आणि तापानं फणफणला होता. ती वर माळावर नाचणीच्या खुरपणीला गेलेली, पोर झोळीत. वैद्य पार खाली आंबवड्यात. पोरानं डोळे पांढरे केले. समोर शेताच्या हद्दीचा दगड होता, त्यालाच तिनं मिठी मारली. "माजं प्वार राख. दर अवसेला नारळ दीन, शेंदूर लावीन." पोर वाचलं. मग काय विचारता! दगडाचा म्हसोबा झाला. बाई शब्दाची पक्की, एक अमावास्या चुकवली नाही.

त्या दगडाच्या खाली तिचा माळ, वर सरकारी जंगल. डोंगरातली शेती खालच्या लोकांना कळायची नाही. तीन वर्षं नाचणी-वरई घ्यायची आणि मग जमीन दमली की तिला चार-सहा वर्षं निजू द्यायची. तेवढ्यात करवंदीच्या जाळ्या माजतात. सरकारचा मोजणीदार आला तो नेमका अशा निजल्या वर्षी. त्यानं झाडी पाहिली, कागदावर 'जंगल' लिहिलं आणि उतरून गेला. शेत झोपलंय की मेलंय, हे त्या बापड्याला कळावं तरी कसं! पण पुढच्या साली ठकुबाई विळा घेऊन गेली तर जंगलाचा शिपाई आडवा आला. माळ सरकारचा, म्हणाला.

त्या माळावर घरातली सहा तोंडं जगत होती. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. ठकुबाई म्हणाली, "मग म्या येडीच बरी." आणि सन चौतीसच्या उन्हाळ्यात भोरच्या नारायणराव वकिलांच्या ओट्यावर जाऊन बसली. दावा लागला. माळ तिचा, याला पुरावा एकच: सासऱ्यानं हद्दीवर रोवलेला तो दगड.

कोर्टात सरकारी वकील गोड बोलत उठला.

"बाई, त्या वरच्या दगडाला तुम्ही काय म्हणता?"

"म्हसोबा."

"पूजा कोण करतं?"

"मीच की! पंचवीस वर्सं झाली."

"म्हणजे देवच तो."

"तर! लई जागृत हाय."

तो हसत खाली बसला. नारायणरावांनी कपाळाला हात लावला. देव म्हटला की हद्दीचा दगड राहिला कुठं? आणि देवाचं रान म्हणजे सरकारचं रान, असं तिकडचं म्हणणं. बाईनं आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतला होता.

बाहेर आल्यावर नारायणरावांनी विचारलं, "ठकुबाई, सासऱ्यांनी दगड रोवला तेव्हा खाली काही पुरलं होतं?"

"कोळसं. दोन पाट्या. लाकूड कुजतं, कोळसा कुजत न्हाई, म्हनून जुनी मान्सं हद्दीखाली कोळसं घालत्यात. एक पाटी म्याच वाहिली, नवी नवरी हुते."

"मग झालं तर! न्यायाधीशसाहेबांना माळावर नेऊ. दगड उचलायचा आणि कोळसा दाखवायचा."

ठकुबाईच्या तोंडचं पाणी पळालं. "द्येव उचलायचा?"

पाहणीच्या दिवशी साहेब आले, दोन्ही वकील आले, सगळी वाडी माळावर जमली. शेजारचा रखमाजी पहार घेऊन आला होता. दगडाजवळ गेला, शेंदराकडं बघितलं आणि पहार खाली ठेवली. "सायेब, हिनं म्या इहिरी खंदल्या. पर द्येवाला लावनार न्हाई." दुसरं कुणी पुढं होईना. बापे सगळे आपापल्या पायांकडं बघत उभे.

साहेबांनी घड्याळ काढलं. "दगड हलणार नसेल तर मी काय लिहू?"

"म्या उचलतू," म्हणत कुंडलिक पुढं झाला.

"खबरदार! मागं हो!" ठकुबाई अशी ओरडली की साहेबसुद्धा दचकले. ज्यानं पोर दिलं त्यालाच पोरानं हात घालायचा? रागावून त्यानं परत नेलं तर? माळ काय जाळायचाय मग! पण घरातली सहा तोंडंही तिला डोळ्यांपुढं दिसत होती. तिनं पदर खोचला आणि पहार उचलली.

"म्हसोबा, आदी तू दगड हुतास. तुला द्येव म्या केलं. राग आला तर माज्यावर काढ. पोराकडं बगू नगंस."

तिनं जोर लावला. एकदा, दोनदा, तीनदा. दगड जागचा हलेना. मागून कुंडलिकनं तिच्या हातांवर हात ठेवले.

"आये, सोड."

"न्हाई."

"मग दोगं मिळून."

दगड कलंडला. खाली माती नव्हती, काळेभोर कोळसे होते, चाळीस वर्षांमागं घातले तसेच. साहेब चक्क उकिडवे बसले, एक तुकडा मोडून पाहिला आणि रुमालात बांधला. सरकारी वकील डोंगराकडं बघत राहिला.

म्हसोबा परत जागेवर बसला, ठकुबाईनं नाक घासून माफी मागितली, नारळ फोडला. पण जिवाला चैन कुठलं? कुंडलिक शिंकला की तिचा जीव टांगणीला. मिशाळ बाप्या, त्याला ती उन्हात जाऊ देईना. सून तोंडाला पदर लावून हसायची.

बाराव्या दिवशी नारायणराव स्वतः डोंगर चढून आले. "ठकुबाई, निकाल लागला! माळ तुमचा!"

वाडीत एकच कालवा झाला. रखमाजी तर ताशा शोधायला पळाला. कुंडलिक ओढ्याकडनं धावत आला. "आये, जितलो!"

"उबा ऱ्हा." तिनं त्याच्या कपाळाला तळहात लावला. मग उलटा हात लावला. मग मानेला लावून पाहिला.

"अगं, माळ मिळाला आपल्याला!"

"ताप न्हाई," ती म्हणाली, आणि उंबऱ्यात बसून ढसाढसा रडली.