चुनखडीच्या भेगेतून पिनरला

मित्रांनो, मी एक म्हातारी गोगलगाय आहे. कोबीच्या पानावर दिसते तसली नव्हे. माझा शंख शिजलेल्या बासमतीच्या शितासारखा लांबट, तपकिरी आणि डावीकडे वळलेला आहे. त्याच्या तोंडाशी एक इवलेसे दारही आहे. ऊन तापले की मी आत जाते आणि ते ओढून घेते.

यॉर्कशरच्या डोंगरमाथ्यावर चुनखडीचे उघडे पठार आहे. पावसाने ते युगानुयुगे झिजवून त्यात खोल भेगा पाडल्या. अशाच एका भेगेत मी जन्मले. दगडावरचे दगडफूल खरवडून खायचे, चुना चाटून शंख वाढवायचा, एवढेच माझे काम. माझ्या वेगाला कोणी हसले नाही, कारण तिथे सगळ्यांचाच वेग तो होता.

१९८८च्या उन्हाळ्यात पहारी घेऊन माणसे आली. त्यांनी दगड उचकटले आणि लॉरीत टाकले. दगडावर दगड आदळला, मध्ये माझे पुष्कळ सोबती चिरडले. मी दार लावून बसले होते. वाचले ते केवळ माझी भेग खोल होती म्हणून.

लंडनजवळच्या एका गार्डन सेंटरमध्ये आम्हांला मांडून ठेवले. तिथे पिनर या उपनगरातले डॉक्टर श्रीकांत आणि त्यांच्या पत्नी सुप्रभाबाई आल्या.

"अहो, हे बघा, दगडफूल! आपल्या गोड्या मसाल्यातलं!" बाई म्हणाल्या, आणि आमची खरेदी झाली.

डॉक्टर नुकतेच निवृत्त झाले होते. त्यांनी स्वतः दगड रचून बागेत छोटा डोंगर केला. पाहुणे येत आणि म्हणत, "श्रीकांत, रॉकरी काय सुंदर जमलीय रे!" ते लाजून हसत. आम्हांला मात्र तिथली हवा कोरडी पडली. पुढे रोपांची पाने कुरतडली जाऊ लागली. ते काम बागेतल्या मोठ्या गोगलगायींचे होते, पण सुप्रभाबाईंनी सगळीकडेच निळ्या विषारी गोळ्या टाकल्या.

दुसऱ्या दिवशी त्या झाडायला आल्या. "ही मसालेभाताची शितं कोणी सांडली इथे?" असे म्हणत त्यांनी काही उचलली. तळहातावर माझे मेलेले सोबती होते.

त्यांची मुलगी उल्का यॉर्कशरमधल्या लीड्सला शिकत होती. सुट्टीत घरी आल्यावर तिने ते शंख पाहिले.

"आई, हा गोगलगाय इथला नाहीये."

"हा नाही गं, ही," बाई हळूच म्हणाल्या.

"बाबा, हे दगड डोंगरातून काढतात. मी बघितला ती जागा. इट्स ऑल रिप्ड अप."

"दुकानातून आणलेत, चोरून नाही," डॉक्टर चिडले. "सगळा जन्म वॉर्डात गेला. हातांनी बांधलेली ही एकच गोष्ट आहे माझी."

मग सुप्रभाबाई म्हणाल्या, "अहो, गोळ्या मी टाकल्या. निदान जिवंत आहेत त्यांना सोडून येऊ या."

गाडीत एकच दगड मावत होता. उल्काने भेगा तपासल्या आणि जिवंत गोगलगायी ज्यात होत्या, तो माझा दगड निवडला. ओल्या टॉवेलात गुंडाळून त्यांनी तो परत यॉर्कशरच्या डोंगरावर आणला.

तिथली जागा पाहून डॉक्टर थबकले. पठाराची साल सोलल्यासारखी झाली होती, खाली नुसती माती. त्यांनी गुडघे टेकले आणि दगड बसवू लागले. या कडेने, त्या कडेने, उलटा करून. उल्काने हात लावला, पण तो काही जुळेना. आयुष्यभर मोडलेली हाडे जुळवणारा तो माणूस शेवटी उठला आणि म्हणाला, "हाड असतं तर जुळलं असतं गं."

दगड तसाच कलता राहिला. मी त्यातच राहते. पाऊस आता वेगळ्याच बाजूने आत येतो.

मित्रांनो, तुम्हांला एखादा दगड आवडला तर त्याच्याजवळ बसा, हात फिरवा, भेगेत डोकावा. आणि घरी जाताना रिकाम्या हातांनी जा.