दोन तिरप्या रेघांमागची ओळ

मित्रांनो, मी एक जुनी ओळ आहे. एका शीतगृहाच्या दाराशी छोटी केबिन आहे, तिथल्या संगणकाच्या प्रोग्रॅममध्ये माझा मुक्काम असतो. आत फळांच्या पेट्या आणि हाडं गोठवणारी थंडी. बाहेर केबिनच्या भिंतीवर नंबर घातलेल्या खुंट्या आणि त्यांवर जाड कोट. आत जाताना कोट घालायचा, बाहेर आल्यावर आपल्या खुंटीला लावायचा.

मला एका बाईंनी लिहिलं. शिफ्टला आत गेलेल्यांची नावं एका गठ्ठ्यात प्रोग्रॅमकडे येत. जो बाहेर येई त्याचं नाव खोडलं जाई, आणि गठ्ठा रिकामा झाला की दाराला आपोआप कुलूप लागे. मी त्या गठ्ठ्याला वाटेत अडवून एवढंच विचारायची, "तू यादी आहेस की संच?" यादीत एकच नाव दोनदा असू शकतं. संचात ते एकदाच राहतं, दुसरं गळून पडतं. संच आला की मी लाल दिवा लावायची आणि कुलूप लागू द्यायची नाही.

बाईंना हे सुचायला कारण होतं. पेट्या वाहणाऱ्यांत दोघांचं नाव, आडनाव तंतोतंत एक होतं. लोक एकाला तात्या म्हणत, दुसऱ्याला पैलवान. पण मशीनला टोपणनावं कुठली कळायला? "एक बाहेर आला आणि दुसरा आत राहिला, असं नको व्हायला," बाई पुटपुटल्या आणि मला लिहून घरी गेल्या.

सात वर्षं यादीच आली. उत्तर ठाऊक असूनही मी रोज विचारत राहिले. कौतुक कुणी केलं नाही. दारावरच्या माणसाचं कौतुक कोण करतं?

पुढे बाई नोकरी सोडून गेल्या आणि त्यांच्या जागी एक नवे इंजिनिअर आले. कार्ड लावून आत जायचं यंत्र बसलं. कुणी चुकून दोनदा कार्ड लावलं की नाव दोनदा उमटे, ते त्यांना बघवेना. म्हणून त्यांनी यादीचा संच केला. मी लाल दिवा लावला. त्यांनी पुन्हा चालवून पाहिलं, मी पुन्हा लावला.

"ही म्हातारी उगाच आडवी येतेय," ते म्हणाले, आणि त्यांनी माझ्यापुढे दोन तिरप्या रेघा ओढल्या.

मित्रांनो, अशा रेघा ओढल्या की ओळ पुसली जात नाही. ती जागेवर दिसते, फक्त संगणक तिला ओलांडून जातो. मी असून नसल्यासारखी झाले. गठ्ठे माझ्या अंगावरून जात, मी विचारत राही, आणि माझा आवाज मलाच ऐकू येई.

तात्या सकाळच्या शिफ्टला, पैलवान दुपारच्या, म्हणून काही दिवस निभावलं. मग एकदा पैलवान कुणाच्या तरी बदली सकाळी आला. त्या संचात दोघांचं मिळून एकच नाव होतं. मी जीव तोडून ओरडले. शिफ्ट संपली, शेवटी पैलवान बाहेर आला, ते नाव खोडलं गेलं. कुलूप लागलं.

थोड्या वेळाने आतून थापा येऊ लागल्या. दार वीतभर जाड, केबिनमध्ये बसणाऱ्या कारकुनाला काही ऐकू गेलं नाही. कुलपाची तार आमच्या संगणकापर्यंत येते, म्हणून मला त्या कळल्या. मी त्या मोजत राहिले. हळूहळू दोन थापांमधलं अंतर वाढत गेलं.

तात्यांची मुलगी रोजच्यासारखी त्यांना न्यायला आली.

"काका, बाबा अजून आले नाहीत."

"गेले असतील गं पुढं. हे बघ, मशीन सांगतंय, आत कोणी नाही."

"मग त्यांचा कोट कुठाय?"

कारकुनाने मागे वळून पाहिलं. चौदा नंबरची खुंटी रिकामी होती.

तात्या वाचले. थापा मारणाऱ्या उजव्या हाताची दोन बोटं गेली. इंजिनिअरांनी माझ्यापुढच्या रेघा काढल्या आणि संचाची पुन्हा यादी केली. "ती का अडवतेय, हे मी विचारायला हवं होतं," ते कारकुनाला म्हणाले.

आता मी पुन्हा विचारते. पण मला सुख नाही. शेवटचं नाव खोडलं जातं, खुंट्या सगळ्या भरलेल्या असतात, कुलूप लागतं, आणि तारेतून थापा येतात. आत कुणी नसतं हे मला ठाऊक आहे. तरी त्या येतात.

मित्रांनो, एखादं जुनं माणूस किंवा जुनी ओळ आडवी आली, तर तिचं तोंड बंद करण्याआधी ती कुणासाठी अडवतेय एवढं विचारा. आणि माझ्यावरही सगळा भार टाकू नका. ती मुलगी अजून रोज येते. पडद्याकडे बघतसुद्धा नाही. आधी चौदा नंबरची खुंटी बघते, मग वडिलांचा उजवा हात हातात घेते.