डाग मुद्दाम पाडले होते

चित्रपटाला कला दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं आणि ते माझ्या आईने घेतलं. आता असं काही घडलंच नाही असं समजू या. मी तरी तसंच समजून घरात वावरतो.

मी कला दिग्दर्शक. पडद्यावर जे घर दिसतं ते मी उभं करतो. भिंती प्लायवुडच्या, मागून टेकू, वर छप्पर नाही. इतकी वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली घासल्यावर हा पहिला चित्रपट, ज्यात माझ्या नावाआधी 'सहायक' लागणार नव्हतं. माझा जीव त्या एका शब्दात अडकला होता.

दिग्दर्शकाला एकट्या राहणाऱ्या बाईचं जुनं घर हवं होतं. म्हणून आम्ही नव्याकोऱ्या भिंती मळवायला घेतल्या. चहाच्या पाण्याचे ओघळ, दिव्याच्या बटणांभोवती तेलकट बोटं, ओट्यामागे काजळी. दिग्दर्शक रोज यायचा, मान तिरकी करायचा आणि म्हणायचा, "घर जुनं आहे, पण इथे कुणी राहिलेलं नाही." मी आणखी काजळी फासायचो. शेवटी तो म्हणाला, "उद्या दुपारी कॅमेरा लावतोय. तोवर जमलं नाही, तर दुसरा माणूस बघतो."

नेमका दुसऱ्या दिवशी सकाळी आईला माझं काम बघायचा झटका आला. तिच्या मते मी सुतार आहे आणि लाजेपोटी सांगत नाही.

तिला सेटवर बसवून मी पडदे आणायला गेलो. आईला मळक्या खोलीत एकटं सोडणं म्हणजे चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या. परत येतो तर आई स्टुलावर, हातात घासणी, आणि बादलीतल्या पाण्याला माझ्या सगळ्या मेहनतीचा रंग.

"आई! काय चाललंय?"

"शरम नाही वाटत? लोक तिकीट काढून बघणार हे!"

"अगं, हे आपलं घर नाही!"

"नाव तुझं लागणार ना? मग लोक घाण माझीच म्हणणार."

"ते डाग मुद्दाम पाडले होते!"

"लहानपणीही हेच सांगायचास."

मी रडकुंडीला येऊन काजळीत ब्रश बुडवला, तेवढ्यात दिग्दर्शक आत आला. भिंतीसमोर थांबला. बटणांभोवतीचा रंग घासून उडाला होता. ओट्यामागे आईच्या हाताच्या फेऱ्या उमटल्या होत्या, त्याही तिचा हात पोचला तिथवरच. त्याच्या वर काजळी जशीच्या तशी.

"आता इथे कुणीतरी राहतं," तो म्हणाला. "कुणी केलं हे?"

"मी," आई आणि मी एकदमच म्हणालो.

त्याने माझ्या ब्रशाकडे पाहिलं. मग घासणीकडे पाहिलं.

"मावशी, आतली खोलीही कराल?"

"करते. पण आधी याला बाहेर काढा. सारखा मध्ये मध्ये करतो."

अशा रीतीने मी बादल्या भरायला लागलो. पडद्यावर 'कला दिग्दर्शन' म्हणून आईचं नाव आलं. त्याखाली, बारीक अक्षरात, सहायक मी. समारंभात आईने पारितोषिक हातात घेतलं, आधी बाहीने पुसलं आणि मग माइकवर सांगितलं, "मुलगा सुतारकामच करतो, पण हात चांगला आहे त्याचा." लोकांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या, शेजारचे बघत होते म्हणून.

ते पारितोषिक सध्या आमच्या कपाटावर आहे. आई ते रोज घासते. सोनेरी मुलामा गेला, आता तिचं कोरलेलं नावही पुसट व्हायला लागलंय.

तरी संबंधितांस नम्र विनंती, की सदर नाव पूर्णपणे पुसलं गेल्यावर ती मोकळी जागा अर्जदाराच्या नावे करण्यात यावी, 'सहायक' हा शब्द वगळून. तसेच हा अर्ज अभिप्रायासाठी आईकडे पाठवण्यात येऊ नये.